उपाशी विजेत्यांचा हंगाम

७ एप्रिल २०१४ च्या रात्री अमेरिकेतील टेक्सस राज्यात आर्लिंग्टन येथील भव्य क्रीडागारात ७९,२३८ प्रेक्षकांच्या साक्षीने कनेक्टिकट विद्यापीठाच्या पुरुष बास्केटबॉल संघाने केंटकी विद्यापीठाचा ६० विरुद्ध ५४ गुणांनी पराभव केला आणि राष्ट्रीय अजिंक्यपद पटकाविले. अंतिम सामन्यात २२ गुण मिळविणारा शबाझ नेपियर हा शेवटच्या वर्षाचा विद्यार्थी स्पर्धेच्या अखेरच्या टप्प्यातील सर्वोत्कृष्ट खेळाडू ठरला. याच नेपियरने त्या सुमारास वार्ताहरांशी बोलताना सांगितले होते की, काही रात्री आपल्याला उपाशी पोटी झोपावे लागते. खेळ मात्र पूर्ण ताकदीनिशी करावा लागतो. खेळाडूंना लाखो डॉलर द्यावेत असे आपले म्हणणे नाही, असेही तो म्हणाला. पण आपल्या क्रमांकाचा गणवेश दुकानात विकला जाताना दिसला की त्यातले काहीतरी आपल्या वाट्याला यावे असे वाटतेच, अशी पुस्तीही त्याने जोडली.

जगातील सर्वांत श्रीमंत देशात, कोट्यवधी डॉलरांची उलाढाल ज्याच्या खेळावर चालते तो खेळाडू उपाशी झोपतो, हे वाचून अनेकांना हळहळ वाटली. काहींना हा कांगावा वाटला. वस्तुतः प्रश्न हळहळीचा नाही, तसा कांगाव्याचाही नाही. तो हिशेबाचा आहे.

आपल्याकडे महाविद्यालयाचा संघ म्हटला की जिमखान्याच्या तुटपुंज्या तरतुदीतून आलेले गणवेश आणि आंतरमहाविद्यालयीन सामन्यांसाठी केलेला रेल्वेचा दुसऱ्या वर्गाचा प्रवास, एवढेच चित्र डोळ्यांपुढे येते. अमेरिकेतील चित्राची कल्पना त्यावरून येणे शक्य नाही. तेथील विद्यापीठांच्या क्रीडास्पर्धांचे नियमन 'नॅशनल कॉलेजिएट ॲथलेटिक असोसिएशन', म्हणजेच एनसीएए, ही संघटना करते. तिने २०१० साली दूरचित्रवाणी कंपन्यांशी केलेला करार चौदा वर्षांसाठी १०८० कोटी डॉलरांचा होता. हा करार प्रामुख्याने एकाच स्पर्धेसाठी होता: दरवर्षी मार्च-एप्रिलमध्ये होणारी, ६८ संघांची पुरुषांची बास्केटबॉल स्पर्धा. वर्षाकाठी सरासरी ७७ कोटी डॉलर, आणि तेही तीन आठवड्यांच्या खेळासाठी. खेळणाऱ्यांना त्यातून रोख मोबदला शून्य. त्यांना मिळे ती शिष्यवृत्ती: शिक्षणशुल्क, निवास, पुस्तके आणि भोजन. नियमाने मोबदल्याची कमाल मर्यादा ती, आणि हा नियम सर्व विद्यापीठांनी मिळून केलेला.

कनेक्टिकटच्या त्या हंगामाची कथा या व्यवस्थेचे सारे ताणेबाणे उलगडून दाखविते, म्हणून ती थोडी मागे जाऊन सांगितली पाहिजे. नेपियर पहिल्या वर्षात असताना, म्हणजे २०११ साली, हे विद्यापीठ राष्ट्रीय विजेते होते. पुढच्या वर्षी ते पहिल्याच फेरीत गारद झाले आणि पाठोपाठ वेगळेच संकट कोसळले. एनसीएए प्रत्येक संघातील खेळाडूंच्या शैक्षणिक प्रगतीचा एक निर्देशांक काढते. चार वर्षांच्या सरासरीत कनेक्टिकट ठरलेल्या किमान मर्यादेच्या खाली घसरले होते. शिक्षा म्हणून २०१३ च्या राष्ट्रीय स्पर्धेत भाग घेण्यास त्यांना बंदी झाली. अलीकडच्या वर्षांतील सुधारणा विचारात घ्यावी, ही विद्यापीठाची विनंती मान्य झाली नाही. मोजणीतील सर्वांत वाईट वर्ष २००९-१० चे. नेपियर विद्यापीठात दाखल झाला तो २०१० साली. म्हणजे परीक्षेत मागे पडले एक, आणि शिक्षा भोगली दुसऱ्यांनी.

बंदी जाहीर होताच संघाची पांगापांग झाली. कोणी व्यावसायिक संघांकडे वळले, कोणी दुसऱ्या विद्यापीठात गेले. संघ घडविणारे ज्येष्ठ प्रशिक्षक जिम कॅलहून सप्टेंबर २०१२ मध्ये निवृत्त झाले आणि याच विद्यापीठाचे माजी खेळाडू केव्हिन ऑली यांच्याकडे सूत्रे आली. जिंकूनही पुढे कोठे जायचे नाही हे ठाऊक असलेला एक अख्खा हंगाम हा संघ खेळला. त्यांनी २० सामने जिंकले, १० गमावले. नेपियर थांबला, त्याचा जोडीदार रायन बोटराइट थांबला. याला निष्ठा म्हणावे, हट्ट म्हणावे की पर्यायांचा अभाव, हे ज्याने त्याने ठरवावे. परंतु २०१४ च्या विजयाची पायाभरणी त्या निरर्थक भासणाऱ्या वर्षातच झाली यात शंका नाही.

२०१३-१४ चा हंगाम सुरू झाला तो नव्याच घरोब्यात. दूरचित्रवाणीच्या पैशापायी विद्यापीठांचे जुने प्रादेशिक गट मोडत होते. ज्या 'बिग ईस्ट' गटात कनेक्टिकटने नाव कमावले तो फुटला आणि ईशान्येच्या टोकाला असलेले हे विद्यापीठ ह्यूस्टन, डॅलस, मेम्फिस, ऑर्लँडो अशा दूरदूरच्या शहरांतील संघांबरोबर नव्या 'अमेरिकन ॲथलेटिक' गटात आले. इतका प्रवास करणाऱ्या विद्यार्थ्याने वर्गात बसायचे केव्हा, हा प्रश्न शैक्षणिक निर्देशांक काढणाऱ्यांना पडला नसावा.

हंगामातील कामगिरी उंचसखल होती. २ डिसेंबर २०१३ रोजी नेपियरने अखेरच्या क्षणी केलेल्या बास्केटमुळे फ्लॉरिडावर ६५-६४ असा विजय मिळाला. पुढे फ्लॉरिडाने सलग तीस सामने जिंकले, हे लक्षात घेतले म्हणजे त्या एका गुणाचे मोल कळते. उलट डॅलसच्या सदर्न मेथडिस्ट विद्यापीठाने कनेक्टिकटला दोनदा हरविले, लुइव्हिलने तीनदा. त्यांतील ८ मार्चचा पराभव तर ८१-४८ असा तब्बल ३३ गुणांचा होता. एका महिन्यानंतर हा संघ राष्ट्रीय विजेता होईल असे त्या रात्री कोणी म्हटले असते तर ते हास्यास्पद ठरले असते. राष्ट्रीय स्पर्धेत त्यांना आपल्या विभागात सातवे मानांकन मिळाले. सातव्या मानांकनाच्या संघाने अजिंक्यपद मिळविल्याचे तोवर उदाहरण नव्हते.

ही स्पर्धा एका पराभवात बाद करणारी. पहिल्याच सामन्यात, बफेलो येथे, सेंट जोसेफ्सविरुद्ध पराभव जवळजवळ निश्चित दिसत असताना घानातून आलेल्या आमिदा ब्रीमा या पहिल्या वर्षाच्या उंच खेळाडूने अखेरच्या मिनिटात बरोबरी साधून दिली आणि जादा वेळेत संघ ८९-८१ असा तरला. मग दुसऱ्या मानांकनाचे व्हिलानोव्हा, तिसऱ्याचे आयोवा स्टेट, चौथ्याचे मिशिगन स्टेट आणि उपान्त्य सामन्यात पहिल्या मानांकनाचे, तीस विजयांच्या घोडदौडीवर असलेले फ्लॉरिडा, अशी एकाहून एक बलाढ्य नावे त्यांनी मागे टाकली. अंतिम सामन्यातील प्रतिस्पर्धी केंटकीचे पाचही सुरुवातीचे खेळाडू पहिल्या वर्षाचे होते. उंची, वेग, उपजत प्रतिभा यांत ते सरस. पण फ्री थ्रोच्या रेषेवर उभे राहून, कोणी अडवीत नसताना चेंडू टाकण्याच्या साध्या कामात कनेक्टिकटने दहापैकी दहा संधी साधल्या, तर केंटकीने चोवीसपैकी तेरा. सहा गुणांनी ठरलेल्या सामन्याचा निकाल येथेच लागला, असे म्हणण्यास हरकत नाही. सामना संपताच नेपियरने ध्वनिवर्धकावरून जगाला सांगितले की आमच्यावर बंदी घातली की काय होते ते हे पाहा. भुकेलेला संघ हे शब्दही त्याने वापरले. तेथे अर्थातच विजयाची भूक अभिप्रेत होती. परंतु दुसऱ्या भुकेची बातमी आधीच सर्वतोमुखी झालेली असल्याने त्या शब्दाला नको तितकी धार आली.

आता त्या दुसऱ्या भुकेकडे वळावे. नेपियरच्या उद्गारांनंतर विद्यापीठाने खुलासा केला की, नियमांनी परवानगी दिलेली कमाल भोजनयोजना खेळाडूंना दिली जाते. हा खुलासा खरा होता आणि त्यातच सारे मर्म आहे. नियमानुसार शिष्यवृत्तीधारकाला दिवसाला तीन जेवणे किंवा तेवढ्या खर्चाची रक्कम देता येत असे. रात्री उशिरा सराव आटोपला, भोजनगृह बंद झालेले असले, तर पुढची सोय ज्याची त्याने पाहावी. जेवणाखेरीज 'अल्पोपाहार' म्हणून फळे, सुका मेवा आणि बेगल, म्हणजे कड्याच्या आकाराचा पाव, देण्यास मुभा होती. मात्र त्या पावाला लोणी किंवा चीज लावले की तो अल्पोपाहार राहत नसे, त्याचे जेवण होई, आणि नियमभंग घडे! कोरडा पाव म्हणजे हौशी खेळ आणि लोणी लावलेला पाव म्हणजे व्यवसाय, ही सीमारेषा कायदेपंडितांनी गंभीरपणे आखलेली होती. हे विडंबन नव्हे. नियमपुस्तिकेचा अर्थ तसाच लावला जात असे.

असले नियम मूर्खपणातून जन्मत नाहीत. अनेक मालक एकत्र येऊन मजुरीचा कमाल दर ठरवितात तेव्हा प्रत्येकाला चोरवाटेने थोडे अधिक देऊन उत्तम मजूर पळविण्याचा मोह असतो. दर रोखीत गोठविला तर स्पर्धा वस्तुरूपाने डोके वर काढते: अधिक चांगले वसतिगृह, अधिक चांगले जेवण, पावावरचे लोणी. म्हणून करार टिकवायचा तर लोण्यापर्यंत उतरावे लागते. अर्थशास्त्रात याला क्रेत्यांचे कार्टेल म्हणतात. आपल्याकडे सालगड्याला वर्षाचे धान्य, घोंगडी आणि जोडे ठरवून देण्याची रीत होती. त्या सौद्यातही भाकरीबरोबर कालवण किती, यावरून वाद होत. पण निदान गड्याला पुढच्या पाडव्याला दुसरा वाडा धरता येई. नेपियरच्या काळातील खेळाडूने विद्यापीठ बदलले तर सामान्यतः त्याला एक वर्ष सामन्याबाहेर बसावे लागे. शिवाय व्यावसायिक 'एनबीए' संघटनेने २००६ पासून एकोणीस वर्षे पूर्ण आणि शालान्त शिक्षणानंतर एक वर्ष उलटलेले असल्याखेरीज प्रवेश बंद केला होता. म्हणजे वरचे दारही काही काळ अडविलेले. केंटकीचे पाच नवखे अंतिम सामन्यात एकत्र दिसले त्याचे कारण शोधायला फार दूर जावे लागत नाही.

आठवडाभरातच, १५ एप्रिल २०१४ रोजी, एनसीएएच्या नियामक समितीने खेळाडूंना अमर्याद जेवण आणि अल्पोपाहार देण्यास संमती दिली. हा विचार आधीपासूनच चालू होता असे संघटनेने सांगितले. तसे असेलही.

या व्यवस्थेचा आधारस्तंभ म्हणजे 'विद्यार्थी-खेळाडू' हा जोडशब्द. तो शिक्षणप्रेमातून घडला असा समज सार्वत्रिक आहे. १९५१ पासून साडेतीन दशके एनसीएएची धुरा वाहणारे वॉल्टर बायर्स यांनी १९९५ साली लिहिलेल्या पुस्तकात वेगळीच हकीकत नोंदविली आहे. जखमी खेळाडूंना कामगार ठरवून नुकसानभरपाई द्यावी लागेल, या भीतीपोटी तो शब्द घडविण्यात आला आणि सर्वत्र सक्तीने रूढ करण्यात आला. कोलोरॅडोतील एका महाविद्यालयाचा फुटबॉल खेळाडू १९५५ साली सामन्यातील दुखापतीने मृत्यू पावला. त्याच्या पत्नीने कामगार भरपाई मागितली आणि राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने १९५७ साली ती नाकारली. एका शब्दाने केवढा खर्च वाचविला याचा हिशेब कोणी मांडलेला नाही.

तथापि 'शिक्षण हाच त्यांचा मोबदला' हा युक्तिवाद शब्दच्छल म्हणून उडवून लावता येणार नाही. अमेरिकेत पदवीसाठी विद्यार्थी कर्जबाजारी होतात. चार वर्षांचे निःशुल्क शिक्षण ही तेथे मोठी रक्कम आहे. गरीब वस्तीतील मुलाला, नेपियर बोस्टनच्या रॉक्सबरी भागातला, विद्यापीठाचे दार एरवी उघडलेच असते असे नाही. हे सारे मान्य करावे. पण मग मोबदला पोहोचला की नाही हे तपासायला हवे. २००३ ते २००६ या काळात कनेक्टिकटच्या बास्केटबॉल संघात दाखल झालेल्यांपैकी सहा वर्षांत पदवी मिळविणाऱ्यांचे प्रमाण, एनसीएएच्याच मोजणीनुसार, अवघे ८ टक्के होते. अभ्यासात ठीक असताना मध्येच सोडून गेलेल्यांना वगळून निघालेला हा आकडा आहे. कारखानदाराने पगार वस्तुरूपाने देण्याचे कबूल करावे, शंभरातील ब्याण्णवांच्या हाती ती वस्तू पडू नये, आणि चौकशीनंतर शिक्षा पुढच्या पाळीच्या कामगारांना व्हावी, असे हे झाले. निर्देशांकाची कल्पना चांगली आहे. तिचा भार मात्र प्रवेश देणाऱ्यांवर आणि वेळापत्रक आखणाऱ्यांवर पडायला हवा होता.

दुसरा युक्तिवाद अधिक तगडा आहे. बहुसंख्य विद्यापीठांच्या क्रीडाविभागांचा खर्च उत्पन्नाहून जास्त असतो. बास्केटबॉल आणि फुटबॉल यांच्या मिळकतीवर जलतरण, धावणे, स्त्रियांचे संघ हे सारे पोसले जाते आणि १९७२ च्या 'टायटल नाइन' कायद्यानंतर स्त्री-क्रीडेचा जो विस्तार झाला त्याला या पैशाचा आधार आहे. खेळाडूंना वेतन दिले तर हे खेळ बंद पडतील, असे म्हणतात. यातील काळजी खोटी नाही. पण एका गरीब मुलाच्या न दिलेल्या मजुरीतून दुसऱ्या, कित्येकदा सुखवस्तू, मुलाच्या खेळाचा खर्च भागवायचा ही करआकारणीच झाली. आणि ज्याच्यावर कर बसतो त्याला मत नाही. शिवाय तो 'तोटा' कसा होतो तेही पाहावे. ज्या संस्थेला नफा वाटून घ्यायचा नाही आणि मजुरी वाढवायची नाही, तिथे जमणारा पैसा कोठेतरी वाहणारच. तो प्रशिक्षकांच्या वेतनात आणि आलिशान सरावगृहांत वाहिला. विजयानंतर काही आठवड्यांतच ऑली यांना पाच वर्षांसाठी सुमारे दीड कोटी डॉलरांचा करार मिळाला. त्यांच्या कर्तृत्वाविषयी वाद नाही. पण बाजारभाव एकाच बाजूला लागू होता हे उघड आहे.

तोही तसा सुखासुखी लागू झाला नव्हता. एनसीएएने एकेकाळी काही साहाय्यक प्रशिक्षकांच्या वार्षिक वेतनावरही १६ हजार डॉलरांची कमाल मर्यादा घातली होती. प्रशिक्षक न्यायालयात गेले, मक्तेदारीविरोधी कायद्याखाली १९९८ साली वरिष्ठ न्यायालयातही जिंकले, आणि पुढच्या वर्षी संघटनेने ५ कोटी ४५ लाख डॉलर देऊन प्रकरण मिटविले. ज्या न्यायाने प्रशिक्षकांवरील मर्यादा बेकायदा ठरली तोच खेळाडूंना लावायला मात्र अनेक वर्षे लागली. याचे एक कारण असे की, १९८४ साली फुटबॉल प्रक्षेपणाच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने एनसीएएला हरविताना, खेळाडूंना मोबदला न देणे हा महाविद्यालयीन खेळाचा विशेष आहे असे एक वाक्य ओघात लिहिले होते. खटला हरलेल्या संघटनेने ते वाक्य सुमारे सदतीस वर्षे ढालीसारखे वापरले.

ती ढाल टप्प्याटप्प्याने निकामी झाली. ऑगस्ट २०१४ मध्ये, कनेक्टिकटच्या विजयानंतर चार महिन्यांनी, एड ओबॅनन या माजी बास्केटबॉलपटूच्या दाव्यात न्यायाधीश क्लॉडिया विल्कन यांनी मोबदलाबंदी मक्तेदारीविरोधी कायद्याचा भंग करते असा निर्णय दिला. जून २०२१ मध्ये 'ॲल्स्टन' खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने एकमताने, शिक्षणाशी निगडित लाभांवरील मर्यादा रद्द केल्या. न्यायमूर्ती कॅव्हनॉ यांनी स्वतंत्र निकालपत्रात, अन्य कोणत्याही उद्योगाला असे वागू दिले गेले नसते, अशा आशयाचे खडे बोल सुनावले. १ जुलै २०२१ पासून खेळाडूंना स्वतःच्या नावाचा व प्रतिमेचा व्यापारी वापर करून पैसे मिळविण्याची मोकळीक मिळाली. गणवेशाच्या विक्रीतले काहीतरी आपल्याला मिळावे, ही नेपियरची साधी अपेक्षा पुरी व्हायला सात वर्षे लागली. जून २०२५ मध्ये न्या. विल्कन यांनीच मंजूर केलेल्या समझोत्यानुसार विद्यापीठांना आपल्या मिळकतीतून खेळाडूंना थेट वाटा देण्याची मुभा मिळाली. पहिल्या वर्षासाठी मर्यादा प्रत्येक विद्यापीठाला सुमारे २ कोटी ५ लाख डॉलरांची.

नव्या व्यवस्थेने सारे आलबेल झाले असे मुळीच नाही. मर्यादा आहे तशी आहे. फक्त ती शून्यावरून वर सरकली. खेळाडूंशी सामुदायिक वाटाघाट करून ती ठरलेली नाही, कारण या समझोत्याने त्यांना कर्मचारी हा दर्जा दिलेला नाही. खेळाडू आता दरसाल विद्यापीठे बदलू लागले. धनाढ्य माजी विद्यार्थ्यांच्या थैल्या कोणाकडे मोठ्या यावर संघ ठरू लागले. ज्या बंदीच्या वर्षात नेपियर आणि बोटराइट थांबले तशा वर्षात पुढचे खेळाडू थांबतील असा भरवसा देता येत नाही. त्या थांबण्यात सौंदर्य होते हे नाकारायचे कारण नाही. परंतु दुसऱ्याला कुंपणात ठेवून मिळविलेल्या निष्ठेचे कौतुक करताना कुंपणाचा विसर पडता कामा नये.

पुढे ऑली यांना मार्च २०१८ मध्ये, नियमभंगाच्या आरोपावरून, पदावरून दूर करण्यात आले. करारात शिल्लक असलेल्या रकमेसाठी ते लवादापुढे गेले आणि जानेवारी २०२२ मध्ये लवादाने त्यांना १ कोटी ११ लाख डॉलरांहून अधिक रक्कम देवविली. करार असला की असे होते. २०२५ च्या समझोत्यात खेळाडूंसाठीही मागील थकबाकीची तरतूद आहे: सुमारे २८० कोटी डॉलर, दहा वर्षांत फेडायचे, आणि त्यातला मोठा वाटा फुटबॉल व पुरुष बास्केटबॉलपटूंचा. मात्र तिची गणना २०१६ पासून सुरू होते. २०१४ चा विजेता संघ तीत बसत नाही.